छोट्या पिस्तुलात सरावाची काडतुसं चालतात, कॅरीची (अंगावर बाळगायची) मात्र अडकतात: कारण कसं शोधायचं आणि काडतूस कसं ठरवायचं

तक्रार बहुतेक वेळा अशी असते. तीन-सव्वातीन इंच नळीचं ९ मिमी पिस्तूल आहे. फुल मेटल जॅकेटची (धातूने मढवलेल्या, गोल नाकाच्या गोळीची) ११५ ग्रेनची (ग्रेन हे गोळीच्या वजनाचं माप) दोनशे काडतुसं झाडली, कुरकुर नाही. मग अंगावर बाळगायला हॉलो पॉइंटची (तोंडाशी पोकळ, लागल्यावर उघडणाऱ्या गोळीची) वीस काडतुसांची पेटी आणली आणि पहिल्याच मॅगझीनमधलं दुसरं-तिसरं काडतूस फीड रॅम्पला (मॅगझीनमधून नळीकडे नेणाऱ्या चढाला) नाक टेकवून अडकलं. पिस्तूल साफ केलं, तेल दिलं, एकदा नीट चाललं, पुढच्या वेळी पुन्हा तेच. मग काडतुसाची कंपनी बदलली, आणखी एक बदलली, आणि कपाटात पाच प्रकारच्या अर्ध्या पेट्या जमल्या. मूळ दुखणं तसंच.

हे घडतं कारण काडतूस वेगळं आणि पिस्तूल वेगळं धरून विचार केला जातो. लहान पिस्तुलात काडतूस, मॅगझीनची स्प्रिंग आणि स्लाइडला (पिस्तुलाच्या मागेपुढे सरकणाऱ्या वरच्या भागाला) परत पुढे ढकलणारी रिकॉइल स्प्रिंग हे तिन्ही एकाच यंत्राचे भाग असतात. त्यातलं एक बदललं की उरलेल्या दोघांचं गणित बदलतं. म्हणून काडतूस शेवटी बदलायचं. आधी पिस्तूल कसं अडकलं ते पाहायचं, मग मॅगझीन, मग स्प्रिंग, मग पकड, आणि त्यानंतर काडतूस. एका वेळी एकच गोष्ट बदलायची.

त्याआधी दोन गोष्टी, ज्यांत तडजोड नाही.

चाप ओढल्यावर आवाज नेहमीपेक्षा दबका आला, धक्का जाणवलाच नाही, किंवा नुसतं 'फुस्स' झालं, तर तिथेच थांबा. तो फुसका बार असू शकतो आणि गोळी नळीत अडकलेली असू शकते. मॅगझीनला थाप मारून स्लाइड ओढण्याची सवय हाताला लागलेली असते. नेमकी तीच इथे घात करते, कारण पुढची गोळी अडकलेल्या गोळीवर आदळते आणि नळी फुटू शकते. मॅगझीन काढा, चेंबर (नळीतलं काडतूस बसण्याचं घर) रिकामं करा, पिस्तूल उघडून नळीतून उजेड आरपार दिसतो का ते पाहा.

चाप ओढून काहीच झालं नाही, तर नळी सुरक्षित दिशेला धरून किमान ३० सेकंद थांबा. बार उशिराने होऊ शकतो. आणि खाली सांगितलेल्या तपासण्यांसाठी घरात खरी काडतुसं स्लाइडमधून फिरवत बसू नका. ते काम रेंजवर, नळी मातीच्या बंधाऱ्याकडे ठेवून करायचं. घरी हाताळणीच्या सरावाला डमी काडतुसं पुरतात.

अडकलेलं पिस्तूल लगेच मोकळं करू नका, आधी पाहा

स्लाइड ओढून मोकळी केली की पुरावा गेला. चापावरून बोट काढा, नळी समोरच ठेवा आणि दोन सेकंद नजर टाका. जमलं तर शेजारच्या माणसाला फोटो काढायला सांगा. प्रत्येक अडकण्याची खूण वेगळी असते.

काडतुसाचं नाक खाली, रॅम्पच्या पायथ्याशी किंवा मॅगझीनच्या पुढच्या भिंतीत रुतलेलं असेल, तर मॅगझीनने ते वेळेवर वर उचललेलं नाही. पहिला संशय मॅगझीनच्या स्प्रिंगवर. दुसरा संशय, स्लाइड वाजवीपेक्षा जोरात परत येते यावर. नाक चेंबरच्या वरच्या कडेला टेकलंय आणि पुंगळी (काडतुसाचं धातूचं कवच) तिरकी होऊन जाम झाली आहे, असं असेल तर गोळीचा आकार, काडतुसाची लांबी किंवा एक्स्ट्रॅक्टरचा (पुंगळीची कड धरून ओढणाऱ्या आकड्याचा) ताण यांपैकी काहीतरी जुळत नाही. हॉलो पॉइंटने सर्वात जास्त छळतो तो हाच प्रकार.

रिकामी पुंगळी स्लाइडच्या खिडकीत उभी अडकली असेल, तर स्लाइड पूर्ण मागे गेलेली नाही किंवा पुंगळीला नीट फटका बसलेला नाही. कमजोर काडतूस, नवी ताठ रिकॉइल स्प्रिंग, सैल मनगट, ही नेहमीची तीन कारणं. स्लाइडने काडतूस उचललंच नाही आणि ती रिकाम्या चेंबरवर बंद झाली, तर मॅगझीन पूर्ण बसलेलं होतं का ते आधी तपासा. छोट्या पिस्तुलात हे फार वेळा होतं: बंद स्लाइडखाली गच्च भरलेलं मॅगझीन घालायला बराच जोर लागतो, कुलूप लागल्यासारखं वाटतं पण लागलेलं नसतं. चेंबरमधला पहिला बार होतो आणि दुसरं काडतूस येतच नाही. मॅगझीन घातल्यावर खाली ओढून पाहण्याची सवय लावा.

स्लाइड शेवटचे दोन-तीन मिलिमीटर पुढे सरकायची राहते, तेव्हा चेंबरची घाण, जास्त लांब काडतूस, किंवा स्लाइड हाताने हळू सोडणं, यांपैकी एक कारण असतं. प्रायमरवर (काडतुसाच्या बुडातल्या, दारू पेटवणाऱ्या टिकलीवर) नुसता उथळ खड्डा पडला आणि बार झाला नाही, तर ते काडतूस वेगळं ठेवा. थांबण्याचा वेळ संपल्यावर दुसऱ्या फटक्याला उडालं तर बहुधा प्रायमर पुंगळीत पूर्ण दाबलेला नव्हता, म्हणजे दोष काडतुसाचा. अनेक कंपन्यांच्या काडतुसांवर तसेच उथळ खड्डे पडत असतील, तर स्ट्रायकरची (प्रायमरवर आपटणाऱ्या कांडीची) वाहिनी पाहा. तिथे तेल आणि काजळीचा चिखल साचलेला सापडतो. ती जागा कोरडीच ठेवायची असते.

एक खूण बहुतेकांच्या लक्षातच येत नाही: मॅगझीनमध्ये काडतुसं शिल्लक असतानाच स्लाइड मागे अडकून बसते. अंगठा स्लाइड स्टॉपला (मॅगझीन संपल्यावर स्लाइड मागे धरणाऱ्या खिटीला) खालून ढकलत नसेल, तर गोळीचं रुंद नाक मॅगझीनमधून वर येताना स्लाइड स्टॉपच्या आतल्या कानाला घासतं आणि तो उचलला जातो. हे एका विशिष्ट गोळीबरोबरच होतं, दुसरी घेतली की थांबतं. त्यावर कानस चालवू नका, गोळी बदला.

पुंगळ्या कुठे पडतात तेही पाहत राहा. पायाजवळच घरंगळत असतील तर स्लाइडला जोर कमी मिळतो. चार-पाच मीटर लांब भिरकावल्या जात असतील तर जोर जास्त आहे किंवा स्प्रिंग थकली आहे. मधली अवस्था ठीक.

लहान पिस्तूल एवढं चोखंदळ का असतं

मोठ्या पिस्तुलाची स्लाइड जड असते, तिला मागे जायला भरपूर अंतर असतं, त्यामुळे काडतूस थोडं कमजोर निघालं किंवा स्प्रिंग थोडी थकलेली असली तरी निभावून जातं. छोट्या पिस्तुलाची स्लाइड हलकी आणि आखूड. दाब मात्र तोच, कारण काडतूस तेच आहे. हलक्या स्लाइडला आवरायला स्प्रिंग ताठ घ्यावी लागते. त्यातून स्लाइड वेगाने मागे जाते आणि तितक्याच वेगाने परत येते. मागे गेल्यावर काडतुसाच्या बुडाच्या पलीकडे तिला उरणारी जागा फारच थोडी असते. तेवढ्या क्षणात मॅगझीनच्या स्प्रिंगने पुढचं काडतूस मॅगझीनच्या ओठांपर्यंत (वरच्या, आत वळलेल्या कडांपर्यंत) उचलायचं. रॅम्पही तीव्र चढाचा असतो, कारण नळी आणि मॅगझीन यांच्यात अंतरच नसतं.

आता त्यात हॉलो पॉइंट घाला. गोल नाकाचं ९ मिमी काडतूस साधारण २९ मिमीच्या थोडं वर असतं. सामीच्या (काडतुसांची मानकं ठरवणाऱ्या अमेरिकी संस्थेच्या) मानकात कमाल लांबी २९.६९ मिमी आहे. हॉलो पॉइंट बहुधा त्याहून आखूड, बोथट, आणि पुढच्या तोंडाला कडा असलेला. गोल नाक रॅम्पवरून घसरत वर जातं. बोथट तोंडाची कडा चढावर अडखळते. काडतूस आखूड असल्यामुळे मॅगझीनचे ओठ ते कधी सोडतात आणि चेंबरचं तोंड त्याला कधी धरतं, हेही बदलतं. दोनशे सरावाची काडतुसं चालली, याचा अर्थ एवढाच की पिस्तूल गोल नाकावर चालतं.

काडतुसाला दोष देण्याआधी

मॅगझीनवर खुणेचे आकडे लिहा, १, २, ३. अडकणं एकाच आकड्याला चिकटलेलं दिसलं तर शोध संपला. फॉलोअर (काडतुसांखालची, स्प्रिंगने वर ढकलली जाणारी पट्टी) तिरका होतो का, ओठांवर ओरखडे किंवा वाकलेपण आहे का, तळाची पट्टी नीट बसली आहे का, ते पाहा. स्प्रिंग उलटी बसवलेली निघणं हेही घडतं, विशेषतः साफसफाईनंतर. तिचं वरचं वेटोळं फॉलोअरच्या पुढच्या बाजूला चढलेलं हवं. पहिलंच काडतूस अडकत असेल आणि मॅगझीन नवं असेल, तर स्प्रिंग जास्त ताठ आहे: पूर्ण भरून काही दिवस ठेवून द्या. शेवटचं किंवा त्याआधीचं अडकत असेल तर स्प्रिंग थकलेली आहे: बदला. मॅगझीनच्या आत तेल नको. धूळ धरून ठेवतं आणि काडतुसांना लागतं.

रिकॉइल स्प्रिंग छोट्या पिस्तुलात लवकर थकते. नेमका आकडा तुमच्या पिस्तुलाच्या पुस्तिकेत असतो, तोच धरा. मोठ्या पिस्तुलाच्या मानाने तो बराच कमी असतो. सेकंडहँड पिस्तुलात आधी किती झाडलं हे कळत नाही, तिथे मॅगझीन आणि रिकॉइल दोन्ही स्प्रिंगा नव्या घालूनच चाचणी सुरू करा. जुन्या स्प्रिंगवर काडतूस निवडलं तर नवी स्प्रिंग घातल्यावर निवड पुन्हा करावी लागते.

पकड तपासायची तर दुसऱ्या अनुभवी माणसाला तेच पिस्तूल, तेच मॅगझीन, तेच काडतूस द्या. त्याच्या हातात वीस बार नीट गेले आणि तुमच्या हातात अडकले, तर मनगट सैल पडतंय. पाचशे-सहाशे ग्रॅमच्या पिस्तुलात फ्रेमचं वजनच एवढं कमी असतं की स्लाइडला टेकायला आधार तुमचा हातच देतो. हात मागे सरकला की स्लाइड अर्धवट मागे जाते. यात कमीपणा काही नाही. तुमची पकड हाही निवडीतला एक घटक आहे, आणि जखमी किंवा एका हाताने झाडावं लागलं तर ती याहून सैल असणार आहे.

चेंबरची चाचणी सोपी आहे. रिकाम्या पिस्तुलातून नळी सुटी काढा, तिचं तोंड खाली धरा आणि काडतूस चेंबरमध्ये हलकेच सोडा. 'टक्' आवाज करून ते पूर्ण बसलं पाहिजे, बोटाने गरकन फिरलं पाहिजे आणि नळी उलटी केल्यावर आपोआप बाहेर पडलं पाहिजे. अडलं तर गोळी चेंबरच्या पुढच्या खोबणीला टेकते किंवा पुंगळीचं तोंड फुगलेलं आहे. त्या लॉटला (एकाच खेपेत बनलेल्या काडतुसांना) तिथेच नकार द्या.

आता काडतूस: पेटीवरचा वेग तुमचा नाही

पेटीवर छापलेला वेग चाचणीच्या नळीतून मोजलेला असतो. ९ मिमीसाठी ती सहसा ४ इंचांची असते. तुमची ३ इंचांची. ९ मिमीमध्ये नळी एक इंच कमी झाली की साधारण २५ ते ५० फूट प्रति सेकंद, म्हणजे ८ ते १५ मीटर प्रति सेकंद वेग जातो. आकडा किरकोळ वाटतो, पण हॉलो पॉइंट ठरावीक वेगाच्या वर उघडावा असाच घडवलेला असतो. त्या वेगाच्या खाली तो उघडत नाही किंवा अर्धवट उघडतो. जाड कपड्यातून जाताना तोंडात कापडाचा बोळा बसला तर हमखास उघडत नाही, आणि मग तो फुल मेटल जॅकेटसारखाच आरपार निघून जातो. मागे कोण उभं आहे हा प्रश्न तिथे सुरू होतो. काडतूस निवडताना धोका दोन्ही बाजूंचा असतो: गोळी कमी शिरली तर थांबवण्याचं काम होत नाही, जास्त शिरली तर भलत्याला लागते.

मोजायला एक ठरलेली पट्टी आहे. १९८६ साली मायामीत झालेल्या चकमकीनंतर एफबीआयने हँडगनच्या गोळ्यांसाठी चाचण्यांची पद्धत बसवली. १० टक्के ऑर्डनन्स जिलेटिनच्या (मऊ मांसाच्या जागी चाचणीला वापरतात त्या जेलच्या) ठोकळ्यात गोळी १२ ते १८ इंच, म्हणजे साधारण ३० ते ४६ सेंमी शिरली पाहिजे, उघड्या ठोकळ्यातही आणि कपड्यांच्या थरांमागेही. ठोकळा बरोबर जमला आहे का हे पाहायला ४.५ मिमीचा स्टीलचा छर्रा सुमारे १८० मीटर प्रति सेकंद वेगाने मारतात. तो साधारण ८.५ सेंमी आत गेला पाहिजे, एक सेंमी इकडेतिकडे चालतं. कुठलीही चाचणी वाचताना तीन गोष्टी शोधा: नळीची लांबी काय होती, कपड्याचे थर होते का, आणि ठोकळा तपासलेला होता का. ४ इंच नळीची, उघड्या ठोकळ्याची चाचणी तुमच्या ३ इंचाच्या पिस्तुलाबद्दल जवळजवळ काहीच सांगत नाही. पारदर्शक कृत्रिम जेल बघायला छान असतं, पण त्यातले आकडे ऑर्डनन्स जिलेटिनच्या आकड्यांशी थेट ताडून पाहू नका.

वजनाबद्दल. ९ मिमीत नेहमी मिळणारी वजनं ११५, १२४ आणि १४७ ग्रेन, म्हणजे अनुक्रमे साधारण ७.५, ८ आणि ९.५ ग्रॅम. ११५ ग्रेन वेगावर जगते आणि आखूड नळी तोच वेग खाते. १४७ ग्रेन मुळातच सावकाश जाणारी आहे, त्यामुळे तिचं नुकसान कमी होतं आणि ती खोल जाते. पण जुन्या घडणीची १४७ असेल तर आखूड नळीतून उघडायला कुरकुरते. सुरुवात साध्या दाबाच्या १२४ ग्रेनपासून करावी, असं आमचं स्पष्ट मत आहे. बहुतेक छोटी पिस्तुलं त्यावर समाधानाने चालतात. ती जमली नाही तर १४७ घ्या.

प्लस पी (जादा दाबाच्या) काडतुसांच्या नादी लगेच लागू नका. सामीच्या मानकात ९ मिमीचा कमाल दाब ३५,००० पीएसआय (पौंड प्रति चौरस इंच) आणि प्लस पीचा ३८,५०० पीएसआय, म्हणजे १० टक्के जास्त. आखूड नळीत त्या जादा दाबातला बराच भाग झगमगाट, आवाज आणि धक्का यांत जातो. स्लाइड आणखी जोरात धावते, मॅगझीनला आणखी कमी वेळ मिळतो, आणि साध्या दाबावर नीट चालणारं पिस्तूल अडकू लागतं. दुसऱ्या बाराला नेम परत यायला वेळ लागतो तो वेगळाच. पुस्तिकेत प्लस पीला परवानगी असेल आणि चाचणीत फायदा दिसत असेल तरच ते वापरा. 'प्लस पी प्लस' असं छापलेल्या काडतुसांना सामीचं मानकच नाही. त्यांत दाब किती आहे हे पेटी सांगत नाही. छोट्या पिस्तुलात ती नकोतच.

आखूड नळी डोळ्यांसमोर ठेवून केलेली काडतुसं मिळतात. स्पीअरच्या गोल्ड डॉटमध्ये 'शॉर्ट बॅरल' असा वेगळा प्रकार आहे. हॉर्नडीच्या क्रिटिकल डिफेन्समध्ये गोळीच्या तोंडात मऊ पॉलिमरची टोपी बसवलेली असते, त्यामुळे कापडाचा बोळा बसत नाही आणि नाकही गोलसर राहतं. रॅम्पवर अडखळणाऱ्या पिस्तुलाला असं गोलसर नाक बहुधा मानवतं. तोंड फार रुंद आणि कडा धारदार असलेली गोळी अशा पिस्तुलात सर्वात शेवटी आजमावा. निकेलचा मुलामा दिलेली पुंगळी चेंबरमध्ये सहज सरकते, घामाने लवकर काळवंडत नाही, आणि अंधुक उजेडात चेंबर भरलेलं आहे का ते चटकन दिसतं. स्टीलच्या पुंगळ्या सरावापुरत्या. रीलोड केलेली (वापरलेल्या पुंगळ्या पुन्हा भरून बनवलेली) काडतुसं, स्वतःची असोत वा दुसऱ्याची, अंगावर बाळगू नका; बहुतेक पिस्तूल कंपन्यांची वॉरंटीही त्यांनी रद्द होते.

कायदा एका वाक्यात: युद्धात शरीरात उघडून पसरणाऱ्या गोळ्यांवर १८९९ च्या हेग जाहीरनाम्यापासून बंदी आहे, पण नागरिकांसाठीचे नियम जागोजागी वेगळे आहेत, तेव्हा परवान्यातलं कॅलिबर आणि हॉलो पॉइंटची मुभा खरेदीआधी पाहून घ्या.

९ मिमी नसेल तर

.३८० मध्ये अडचण वेगळी आहे. त्याचा कमाल दाब २१,५०० पीएसआय, गोळी साधारण ९० ते ९५ ग्रेन, आणि नळी बहुधा पावणेतीन इंचांची. दोन्ही कामं पुरी करायला ऊर्जा कमी पडते: गोळी छान उघडली तर १२ इंचांच्या आत थांबते, खोल गेली तर उघडलेली नसते. दोहोंपैकी एक निवडायचं असेल तर पुरेसं खोल जाणारी गोळी निवडा, म्हणजे थोडंच उघडणारा हॉलो पॉइंट, किंवा तोही अडकत असेल तर सपाट नाकाची फुल मेटल जॅकेट. .३८० साठी सामीचा प्लस पी दर्जा नाही. पेटीवर तसं छापलेलं असलं तरी ते कंपनीचं स्वतःचं म्हणणं आहे.

.३२ एसीपीमध्ये पुंगळीच्या बुडाला किंचित बाहेर आलेली कड असते. आखूड हॉलो पॉइंट मॅगझीनमध्ये पुढेमागे हलतात, वरच्या काडतुसाची कड खालच्याच्या कडेमागे जाऊन बसते आणि दोन्ही एकमेकांना धरून ठेवतात. स्लाइड कितीही ओढली तरी हे सुटत नाही. मॅगझीन काढून बारीक काडीने खालचं काडतूस दाबावं लागतं. उपाय सोपा आहे: गोल नाकाची, पूर्ण लांबीची काडतुसं, आणि भरताना प्रत्येक काडतुसाची कड खालच्याच्या पुढे आहे ना ते पाहणं. .२२ मध्ये प्रायमरचा मसाला पुंगळीच्या कडेत पसरलेला असतो, तो कुठे कमी पडला की बार होत नाही; पर्याय असेल तर .२२ टाळाच.

आखूड नळीच्या .३८ स्पेशल रिव्हॉल्व्हरला मॅगझीनची कटकट नाही, पण हलक्या फ्रेमच्या रिव्हॉल्व्हरचा झटका इतका तीव्र असतो की सिलिंडरमधल्या उरलेल्या काडतुसांच्या गोळ्या पुंगळीतून पुढे सरकतात. एखादी सिलिंडरच्या बाहेर डोकावली की सिलिंडर फिरणं बंद होतं, आणि ते रेंजवर सहज सुटत नाही. चाचणी अशी: पाच काडतुसं भरा, त्यातल्या एकाची लांबी आधी कॅलिपरने मोजून त्यावर खूण करा, बाकीची चार झाडा, मग खुणेचं काढून पुन्हा मोजा. लांबी वाढलेली दिसली तर ते काडतूस त्या रिव्हॉल्व्हरसाठी बाद. १४८ ग्रेनची सपाट वॉडकटर गोळी इथे फार उपयोगी आहे: धक्का कमी, खोली पुरेशी, उघडण्यावर काही अवलंबून नाही. सपाट तोंडामुळे पुन्हा भरायला मात्र वेळ लागतो, म्हणून सिलिंडरमध्ये वॉडकटर आणि खिशात गोल नाकाची, अशी विभागणी चालते. दोन्हींचा नेम एकच लागतो का ते आधी झाडून पाहा.

चाचणी किती आणि कशी

नवं पिस्तूल आधी गोल नाकाच्या २०० काडतुसांवर मोकळं करा. त्यानंतर निवडलेल्या कॅरी काडतुसांची किमान १०० सलग, एकही अडथळा न येता गेली पाहिजेत. हे महाग पडतं. पण वीसची एक पेटी झाडून निवड पक्की केली, तर तीन मॅगझीनचं पिस्तूल प्रत्येक मॅगझीनमधून सात काडतुसांपलीकडे तपासलंच जात नाही.

त्या शंभरात काय काय यावं: प्रत्येक मॅगझीन दोनदा गच्च भरून, चेंबरमध्ये एक जादा ठेवून. निदान वीस काडतुसं एका हाताने, त्यातली दहा डाव्या हाताने, किंवा जो तुमचा कमकुवत असेल त्याने. शेवटची तीस, पिस्तूल न पुसता, आधीच्या सत्तरांच्या काजळीवर. प्रत्येक मॅगझीन रिकामं झाल्यावर स्लाइड मागे थांबते का ते नोंदवा. अडथळा आला तर लिहा: मॅगझीनचा आकडा, कितवं काडतूस, अडकण्याचा प्रकार, लॉट नंबर. कारण मॅगझीन निघालं तर ते मॅगझीन बाद करून मोजणी पहिल्यापासून. कारण काडतूस निघालं तर काडतूस बाद.

नेमही इथेच तपासा. ७ मीटर आणि १५ मीटरवर टेकू देऊन पाच-पाच बार. जवळच्या अंतरावर जड, सावकाश गोळी सहसा वर लागते, कारण ती नळीत जास्त वेळ राहते आणि तेवढ्यात नळी उचलली जाते. ७ मीटरवर फरक नगण्य, १५ मीटरवर दिसतो. सराव आणि कॅरी दोन्हींना एकाच वजनाची गोळी घेतली तर धक्का आणि नेम यांची सवय एकच राहते: कॅरी १२४ असेल तर सरावही १२४ चाच.

अंधुक उजेडात झाडायची सोय असेल तर एक मॅगझीन तेव्हा झाडा. आखूड नळीतून न जळलेली दारू बाहेर येऊन पेटते. काही काडतुसांत भडका कमी होईल अशी दारू वापरलेली असते आणि फरक डोळ्यांना लगेच कळतो.

निवड झाल्यावर पुन्हा सुरू होणारा त्रास

चाचणीत पास झालेलं काडतूस सहा महिन्यांनी अडकतं, तेव्हा बहुधा कारण एकच: तेच वरचं काडतूस रोज चेंबरमध्ये जातं आणि रोज बाहेर निघतं. प्रत्येक वेळी गोळीचं नाक रॅम्पवर आपटतं आणि गोळी पुंगळीत किंचित मागे ढकलली जाते. ९ मिमीच्या पुंगळीत जागा मुळात थोडी, त्यामुळे गोळी जरा आत गेली तरी दाब झपाट्याने वाढतो. शिवाय पुन्हापुन्हा आपटल्याने प्रायमरचा मसाला सुटून काडतूस मुकंही होऊ शकतं.

म्हणून निवडतानाच पाहून ठेवा: रेंजवर एक नवं काडतूस मोजा, तीनदा चेंबरमध्ये घालून काढा, पुन्हा मोजा. लांबीतली घट ०.१ मिमीच्या आत राहिली तर गोळी पुंगळीत घट्ट आहे. ०.२५ मिमी किंवा जास्त घटली तर तो ब्रँड तुमच्या रॅम्पसाठी नको. रोजच्या वापरात, चेंबरमधून काढलेल्या काडतुसाच्या बुडावर मार्करने एक रेघ मारा आणि ते मॅगझीनच्या तळाशी टाका. दोन रेघा झाल्या की कॅलिपरने मोजा. पेटीतल्या नव्या काडतुसाइतकं असेल तर सरावाच्या डब्यात, आखूड झालं असेल तर झाडूच नका, रेंजवरच्या खराब काडतुसांच्या डब्यात टाका. सर्वात चांगलं म्हणजे गरज नसताना पिस्तूल रिकामं करूच नका: होल्स्टरसकट कुलुपाच्या पेटीत ठेवा.

उघड्या चेंबरमध्ये काडतूस हाताने टाकून त्यावर स्लाइड सोडणं टाळा. बहुतेक पिस्तुलांत एक्स्ट्रॅक्टरचा आकडा काडतुसाची कड खालून सरकत वर आली की धरतो. वरून आदळून धरायला लावला तर त्याचं टोक झिजतं किंवा तुटतं, आणि मग पुंगळ्या चेंबरमध्येच राहू लागतात.

गंज सोडवणारे पातळ तेलाचे फवारे काडतुसांजवळ नकोत; तेल प्रायमरच्या फटीतून आत झिरपलं तर काडतूस निकामी होतं. चेंबर कोरडं, स्लाइडच्या रुळांवर एकेक थेंब, बस. अंगाला लागून राहणाऱ्या पिस्तुलात महिन्यातून एकदा मॅगझीन रिकामं करून कापडाच्या तंतूंचा लगदा आणि घामाचे डाग पाहा. पुंगळीवर हिरवट थर, प्रायमरभोवती काळं वर्तुळ किंवा गोळीच्या तोंडात कचरा दिसला तर ते काडतूस बाजूला काढा. वर्षाकाठी सगळी कॅरी काडतुसं मोजून, पुसून, रेंजवर झाडून संपवा आणि नवा लॉट भरा. नव्या लॉटची मॅगझीनमागे एक फेरी तरी आधी झाडा. पेटी तीच दिसली तरी लॉटमध्ये फरक असू शकतो.